आरसा हेच दैवत : दक्षिणेतील एका भक्तिपंथाची हकीकत

देवाची पूजा झाली, वस्त्रे व अलंकार चढले, गंध लागले, म्हणजे पुजारी देवासमोर आरसा धरतो. हा उपचार भाविकांस नवा नाही. पंढरपुरात परंपरागत सेवाधाऱ्यांपैकी डिंगरे घराण्याकडे श्री विठ्ठलास आरसा दाखविण्याची सेवा होती. जगन्नाथपुरीस मूर्ती लाकडाच्या, त्यांवर रोज पाणी घालता येत नाही. म्हणून सकाळचे स्नान पितळी आरशातील प्रतिबिंबास घालतात. ज्ञानेश्वर माउलींनी चांगदेवास धाडलेल्या पासष्ट ओव्यांतही आरशाचा दृष्टांत आलेला आहे. परंतु या सर्व ठिकाणी देव वेगळा व आरसा वेगळा. मूर्तीच्या जागी आरसाच ठेवून त्यापुढे हात जोडणारे लोकही आपल्या देशात आहेत. मंदिराच्या जीर्णोद्धाराच्या या मंगल प्रसंगी त्यांची हकीकत सर्व भाविकांपुढे ठेवणे उचित होईल.

कन्याकुमारीजवळ स्वामितोप्पु नावाचे गाव आहे. हा मुलूख १९५६ पासून तमिळनाडूत असला तरी पूर्वी त्रावणकोर संस्थानात मोडत असे. या गावी १८०९ साली एका नाडर कुटुंबात एक मुलगा जन्मास आला. नाडर हे ताडाच्या झाडावर चढून रस काढणारे, गूळ करणारे कष्टकरी लोक. आईबापांनी मुलाचे नाव मोठ्या हौसेने मुडिसूडुम पेरुमाळ, म्हणजे मुकुट धारण केलेला विष्णू, असे ठेवले. हलक्या मानलेल्या जातीच्या पोराने असले नाव लावावे हे वरच्या वर्णाच्या लोकांस खपले नाही, म्हणून ते बदलून मुत्तुकुट्टी करावे लागले, असे पंथीय सांगतात. नावापासूनच आडकाठी!

त्या काळी या लोकांस छत्री धरण्यास, पायात वहाणा घालण्यास, सोन्याचे दागिने वापरण्यास मनाई होती. पुरुषांनी डोक्याला मुंडासे बांधायचे नाही, बायकांनी छाती झाकायची नाही. स्त्रियांना अंग झाकण्याची मोकळीक देणारा जाहीरनामा निघण्यास १८५९ साल उजाडावे लागले. करांचे तर विचारू नये. माणसाच्या डोईवर कर, ताडाच्या झाडावर कर. इतके कर वसूल करणाऱ्या कारकुनांचे हात कसे पुरत असतील कोण जाणे! आणि एवढे सगळे भरूनही मोठ्या देवळाच्या आत पाऊल टाकण्याची सोय नव्हती.

१८३३ साली आजारी अवस्थेत मुत्तुकुट्टीस तिरुचेंदूरच्या समुद्रकाठच्या यात्रेस नेले. तेथे तो समुद्रात दिसेनासा झाला व विष्णूचा अवतार होऊन बाहेर आला, अशी पंथीयांची श्रद्धा आहे. तेथून परत आल्यावर त्यांनी सहा वर्षे तप केले. लोक त्यांना अय्या वैकुंडर म्हणू लागले. अय्या म्हणजे बाप. गर्दी वाढली तशी दरबारात कागाळी गेली आणि त्यांना तिरुवनंतपुरमला बंदिवासात ठेवण्यात आले. सुटून आल्यावरही त्यांचे कार्य थांबले नाही. १८५१ साली त्यांनी देह ठेवला. या पंथाला अय्यावळी, म्हणजे अय्यांचा मार्ग, असे म्हणतात. त्याचा मुख्य ग्रंथ 'अकिलत्तिरट्टु अम्मानै' हा १८४१ साली त्यांचे शिष्य हरिगोपालन यांनी लिहिला.

या पंथाची गावोगावची प्रार्थनास्थळे 'निळल तांगल' या नावाने ओळखली जातात. निळल म्हणजे सावली. आत मूर्ती नाही. गाभाऱ्यात एक आरसा, त्याच्यापुढे दोन समया. भाविक समोर उभा राहिला की त्या दोन ज्योतींच्या मध्ये त्याला स्वतःचेच रूप दिसते. देव तुझ्यात आहे, हा त्याचा अर्थ. हा वेदान्त काही नवा नव्हे, कीर्तनकार तो नेहमी सांगतात. पण ज्याला आयुष्यभर देवळाच्या भिंतीबाहेर उभे केले, त्याला हेच वाक्य गाभाऱ्यात उभे करून सांगितले म्हणजे त्याचे वजन वेगळे पडते. आणखी एक गोष्ट अशी की, तेथे पुरुष डोक्याला मुंडासे बांधूनच आत जातात. ज्या मुंडाशाला राज्याची बंदी, तेच देवापुढे सक्तीचे! आरशात दिसणारा माणूस मुंडासे बांधलेला असतो.

स्वामितोप्पुला अय्यांच्या काळापासूनची एक विहीर आहे. तेथे सर्व जातीच्या लोकांनी एकत्र पाणी भरावे, स्नान करावे, असा दंडक होता. आपल्याकडे महाडच्या चवदार तळ्याचा सत्याग्रह १९२७ च्या मार्चमध्ये झाला, हे लक्षात घेतले म्हणजे या विहिरीचे महत्त्व कळेल.

त्याच १९२७ साली केरळात दुसरी एक घटना घडली. एळवा समाजात जन्मलेल्या श्री नारायण गुरूंनी १८८८ मध्ये अरुविप्पुरम येथे नदीतील दगड उचलून शिवाची स्थापना केली होती. पुढे त्यांच्या हातून अनेक मंदिरे झाली. चेर्तलाजवळ कळवंकोड येथे त्यांना प्रतिष्ठेसाठी बोलावले, तेव्हा मूर्ती बसवावी की नाही यावर गावात दोन तट पडले होते. तरुण मंडळी मूर्तीच्या विरोधात होती. असे तट कोणत्या गावात पडत नाहीत! गुरूंनी आरसा आणविला, त्यावर 'ॐ शांती' ही अक्षरे उमटविली आणि त्याचीच प्रतिष्ठापना केली. पुढच्याच वर्षी, १९२८ मध्ये, शिवगिरी येथे ते समाधिस्थ झाले.

संस्थानाची देवळे सर्व हिंदूंना खुली करण्याचा त्रावणकोरचा जाहीरनामा १९३६ साली निघाला. पंढरीच्या विठ्ठलाचे दार दलित बांधवांना उघडावे म्हणून साने गुरुजींना मे १९४७ मध्ये प्राणांतिक उपोषण करावे लागले व त्यानंतर ते उघडले. तोपर्यंत कळवंकोडच्या आरशाला वीस वर्षे झाली होती, आणि स्वामितोप्पुच्या विहिरीवर शंभर वर्षांहून अधिक काळ सगळ्यांचे पोहरे एकत्र बुडत होते.