हुतूतू बर्लिनला गेला तेव्हा...

१९३६ चं बर्लिन ऑलिंपिक म्हटलं की आपल्याला ध्यानचंद आठवतात. १५ ऑगस्टला जर्मनीला ८-१ असं हरवून मिळवलेलं हॉकीचं सुवर्णपदक आठवतं. पण त्याच बर्लिनमध्ये आपल्या अमरावतीची मंडळीही होती, हे खुद्द वऱ्हाडात तरी किती जणांना ठाऊक असतं?

अंबादासपंत आणि अनंत वैद्य या भावांनी १९१४ साली अमरावतीत श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ सुरू केलं. या मंडळाच्या चमूने बर्लिनमध्ये हुतूतू आणि इतर देशी खेळ करून दाखवले. स्पर्धा नव्हे, नुसतं प्रात्यक्षिक. त्यामुळे पदकांच्या यादीत ही मंडळी कुठेच सापडत नाहीत.

मला ओढ वाटते ती याचीच. हॉकीत आपण साहेबाचा खेळ जगापेक्षा सरस खेळून दाखवला. हुतूतू मात्र मुळातच आपला. ना काठी, ना चेंडू. मोकळं मैदान आणि छातीत दम, एवढंच सामान. पारतंत्र्यातली माणसं ‘आमचाही एक खेळ आहे’ हे सांगायला सातासमुद्रापार गेली होती.

पुढे कबड्डी एशियाडमध्ये पदकाचा खेळ झाली ती १९९० साली, बीजिंगला. भारताने सुवर्ण जिंकलं. बर्लिननंतर तब्बल ५४ वर्षांनी! ऑलिंपिकचं दार तर अजूनही बंदच आहे.

असो. आज प्रो कबड्डीत चढाईपटूंवर कोटीच्या बोली लागतात, याचा आनंदच आहे. फक्त त्या गलक्यात कुणीतरी एकदा अमरावतीचंही नाव घ्यावं, एवढंच वाटतं.