देकामेरोतिको

इटलीच्या चित्रपटसृष्टीत १९७०च्या दशकात एक शब्द रुजला : ‘देकामेरोतिको’. मध्ययुगीन कथांवर बेतलेला चावट चित्रपट, एवढाच त्याचा अर्थ. ‘देकामेरोन’ आणि ‘एरोतिको’ एकमेकांत घुसवून तो बनला.

मूळ ‘देकामेरोन’ हा कथासंग्रह; हे नाव इटालियन लेखक बोक्काच्चोने चौदाव्या शतकात ग्रीकवरून घडवलं. ‘देका’ म्हणजे दहा, आपल्या ‘दश’चा भाऊबंद, ‘हेमेरा’ म्हणजे दिवस. नमुना होता धार्मिक. ईश्वराने सहा दिवसांत सृष्टी निर्मिली, त्यावरच्या भाष्यांना ‘हेक्सामेरोन’ म्हणत. चौथ्या शतकात मिलानच्या संत अँब्रोजने असं एक भाष्य रचलं होतं. बोक्काच्चोने सहाचे दहा केले. १३४८च्या प्लेगमध्ये फ्लॉरेन्सबाहेर पडलेल्या सात तरुणी आणि तीन तरुण दहा दिवस रोज दहा गोष्टी सांगतात. गाव ओस पडत असताना दहा जणांनी गोष्टींतून जग पुन्हा उभं करावं आणि त्या दिवसांना सृष्टीच्या दिवसांसारखं नाव मिळावं, हे मला विलक्षण धाडसाचं वाटतं. दहा दिवस असाच अर्थ असलेला आपला ‘दशाह’ तर थेट सुतकाचाच शब्द. देकामेरोनमधलं हसणंही मरणाच्या शेजारी बसूनच ऐकायचं असतं.

इटालियन दिग्दर्शक पासोलिनीने १९७१ मध्ये या कथा पडद्यावर आणल्या. त्याने त्या नेपल्सला नेल्या, पात्रांच्या तोंडी तिथली बोली दिली आणि प्लेगची चौकट काढून टाकली. गरिबांच्या देहाचा निरागस आनंद त्याला दाखवायचा होता, आणि तो चित्रपटात खरोखर आहे. पण मरण गेलं, वाट मोकळी झाली. मागोमाग नकलांची रांग लागली. १९७२च्या एकाचं नावच ‘अतिनिषिद्ध देकामेरोन’, आणि उपशीर्षकात बोक्काच्चोला चक्क गप्प बसायला सांगितलेलं!

नव्या शब्दाची घडण बारकाईने पाहावी. ‘हेमेरा’तला उरलासुरला ‘एर’ ‘एरोतिको’च्या ‘एर’मध्ये विरून गेला आहे. दहा राहिले, दिवस गेले.

‘कँटरबरी टेल्स’ आणि ‘अरेबियन नाइट्स’ करून पासोलिनीने या तीन चित्रपटांना ‘जीवनाची त्रयी’ म्हटलं होतं. १९७५ मध्ये एक लेख लिहून त्याने ती नाकारली. ज्या देहांत त्याला निरागसता दिसली होती, ते बाजाराने गिळले होते. त्या लेखाच्या शीर्षकासाठी त्याने शब्द निवडला ‘अब्यूरा’. धर्मन्यायालयापुढे पाखंड सोडल्याची शपथ घेण्याचा हा शब्द, १६३३ मध्ये गॅलिलिओला घ्यावी लागली त्या शपथेचा.