अमेरिकी विमानतळावरच्या रांगेची कुळकथा

अमेरिकेत खर्चाच्या मंजुरीअभावी सरकारी कामकाज थांबते, तो शटडाउन लांबला की विमानतळांवर सुरक्षा तपासणीच्या रांगा वाढतात आणि खापर त्या वर्षीच्या पक्षीय भांडणावर फुटते. भांडणे जुनीच आहेत. ही रांग मात्र दोन कायदेशीर निर्णयांच्या पोटी जन्मली. १९८० पर्यंत खर्चाची मंजुरी लांबली तरी सरकारी कचेऱ्या बहुधा चालूच राहत. त्या वर्षी ॲटर्नी जनरल बेंजामिन सिव्हिलेटी यांनी एकोणिसाव्या शतकातल्या कायद्याचा आधार घेऊन हे चालणार नाही असे बजावले. पुढच्याच वर्षी त्यांनी अपवाद केला : जीवित आणि मालमत्तेच्या रक्षणाचे काम थांबणार नाही. म्हणजे काम आज, पगार मागाहून. तरीही १९९५-९६ च्या २१ दिवसांच्या शटडाउनमध्ये सामान तपासणाऱ्यांचा पगार सरकारमुळे अडण्याचा प्रश्नच नव्हता. ते विमान कंपन्यांनी नेमलेल्या ठेकेदारांचे नोकर होते. ११ सप्टेंबरच्या हल्ल्यानंतर, नोव्हेंबर २००१ मध्ये कायदा होऊन टीएसए ही सरकारी वाहतूक सुरक्षा संस्था स्थापन झाली, तपासनीस सरकारी नोकर झाले आणि त्या अपवादात आपसूक सापडले.

२२ डिसेंबर २०१८ पासूनचा शटडाउन ३५ दिवस चालला. जानेवारीत पगाराची तारीख कोरडी गेली. २० जानेवारीला दहा टक्के तपासनीस गैरहजर होते. वर्षभरापूर्वी हे प्रमाण ३.१ टक्के होते. ओळखपत्र पाहणारा, एक्स-रेच्या पडद्यासमोर बसणारा, बॅग उघडणारा, अंगझडती घेणारे स्त्री-पुरुष, एवढी माणसे असतील तर एक मार्गिका चालते. त्यातली दोन आली नाहीत की काम नुसते मंदावत नाही, अख्खी मार्गिका बंद करावी लागते. बहुतेक प्रवासी अर्ध्या तासात सुटले, असे टीएसए सांगत होती. ते खोटे नव्हते. पण ती देशाची सरासरी, आणि त्याच महिन्यात अटलांटात काहींना तासाहून अधिक उभे राहावे लागले. २०१९ च्या कायद्याने थकलेला पगार मिळण्याची हमी दिली, हाही आक्षेप घेतला जातो. घरमालक आणि पेट्रोलपंप त्या हमीवर थांबत नाहीत. २०२५ मध्ये ४३ दिवस तपासनीस पुन्हा बिनपगारी राबले. तपासणी पुन्हा ठेकेदारांकडे द्यावी, असेही सुचवले जाते. पण तुटपुंजा पगार आणि सतत बदलणारी माणसे हे त्या व्यवस्थेचे दुखणे होते, म्हणून तर ती मोडली. प्रवासी एका बाजूच्या प्रवासाला ५.६० डॉलर सुरक्षा शुल्क देतो, शटडाउनमध्येही देतो. निदान तेवढा पैसा वार्षिक मंजुरीची वाट न पाहता तपासनिसांच्या पगाराला मिळेल, असा कायदा अमेरिकी काँग्रेसने करावा.