खेळून पोट भरते काय? धनराज पिल्ले आणि हॉकीपटूच्या मोलाचा इतिहास

१)
डहाणू आणि तलासरी तालुक्यांतील आश्रमशाळांच्या प्रकल्पस्तरीय क्रीडा स्पर्धा भरतात. कबड्डी, खो-खो, धावणे, उड्या. येथून निवडलेली मुले पुढे विभागीय आणि राज्य पातळीवर जातात. शाळा संपते आणि घरातून जुनाच प्रश्न येतो : खेळून पोट भरते काय?

हा प्रश्न केवळ घरगुती नाही. त्याला मोठा इतिहास आहे आणि खडकीच्या एका हॉकीपटूच्या कारकिर्दीत तो फार जवळून दिसतो. #इतिहासधागा

२)
धनराज पिल्ले. जन्म १६ जुलै १९६८, खडकी, पुणे. कुटुंब मूळचे तमिळ. वडील ऑर्डनन्स फॅक्टरीत मैदानाची निगा राखण्याचे काम करीत आणि कुटुंब कारखान्याच्या वसाहतीतच राही. हा मुलगा घरात संपत्ती आणील, या आशेने आईवडिलांनी त्याचे नाव धनराज ठेवले. नावातली ती आशा आणि मुलाने निवडलेला खेळ यांचे पुढे कसे जमले, हीच या धाग्याची कथा.

३)
खडकीतच हॉकी का रुजली? ५ नोव्हेंबर १८१७ रोजी खडकीच्या लढाईत पेशव्यांचा पराभव झाला. त्यानंतर येथे इंग्रजांची छावणी वाढली आणि १८६९ मध्ये दारूगोळ्याचा कारखाना उभा राहिला. भारतात हॉकी पसरली ती मुख्यतः अशाच छावण्यांतून. पलटणींची मैदाने आणि कामगारांच्या वसाहती शेजारी शेजारी होत्या. पिल्ले बंधू याच वसाहतीत मोडक्या स्टिका आणि टाकून दिलेले चेंडू घेऊन चिखलमातीत खेळायला शिकले. धनराजचा आदर्श होता मोहम्मद शाहिद, १९८० च्या मॉस्को ऑलिंपिकमधील सुवर्णविजेत्या संघाचा खेळाडू.

४)
त्या काळी हॉकी खेळून थेट पैसा मिळत नसे. ऑलिंपिक चळवळीत दीर्घकाळ हौशी खेळाडूचे तत्त्व चालले : खेळाचा मोबदला घेणारा ऑलिंपिकला अपात्र. भारताने यातून आपली वाट काढली. लष्कर, पोलीस, रेल्वे, बँका, सरकारी कारखाने यांनी खेळाडूंना नोकऱ्या दिल्या. ध्यानचंद १९२२ मध्ये शिपाई म्हणून सैन्यात दाखल झाले आणि १९५६ मध्ये मेजर म्हणून निवृत्त झाले. पगार नोकरीचा असे, हॉकी त्या पगाराच्या आश्रयाने चाले.

५)
हा आश्रय नसला की काय होते, याचे उदाहरण आदिवासी समाजाच्या इतिहासातच आहे. आजच्या झारखंडमधील जयपाल सिंग मुंडा ऑक्सफर्डला शिकले, आयसीएस परीक्षा उत्तीर्ण झाले आणि उमेदवारीच्या काळातच १९२८ च्या अ‍ॅमस्टरडॅम ऑलिंपिकसाठी भारतीय हॉकी संघाचे कर्णधार म्हणून निवडले गेले. त्यांना रजा नाकारण्यात आली. ते तरीही खेळायला गेले. भारताने पहिले हॉकी सुवर्ण जिंकले. जयपाल सिंगांची आयसीएस मात्र सुटली.

६)
पुढे ते आदिवासी महासभेचे अध्यक्ष आणि संविधान सभेचे सदस्य झाले, म्हणून हा त्याग आज उदात्त वाटतो. पण प्रत्येक खेळाडूपाशी ऑक्सफर्डची पदवी नसते. हौशीपणाचे तत्त्व वरून समान दिसे. प्रत्यक्षात ते पोटाची चिंता नसलेल्याला सोपे आणि कामगाराच्या मुलाला महाग पडे.

७)
धनराज ऐंशीच्या दशकाच्या मध्यात मुंबईला आले. थोरले बंधू रमेश तेव्हा राष्ट्रीय केमिकल्स अँड फर्टिलायझर्सच्या, म्हणजे आरसीएफच्या, संघातून मुंबईत खेळत होते. धनराज यांना महिंद्र अँड महिंद्रच्या संघात जागा मिळाली. तेथे ऑलिंपियन जोकिम कार्व्हालो यांनी त्यांचा खेळ घडवला. पुढे ते इंडियन एअरलाइन्सकडे गेले. मुंबईच्या कंपन्यांचे संघ हीच त्या पिढीची रोजगार हमी होती.

८)
मैदानही बदलले होते. १९७६ च्या मॉन्ट्रियल ऑलिंपिकमध्ये हॉकी प्रथमच कृत्रिम गवतावर खेळली गेली आणि भारत सातव्या स्थानावर घसरला. कृत्रिम मैदान महाग, त्याला पाण्याची सोय हवी, आणि त्यावरील खेळाला अधिक वेग व अधिक दमसास लागतो. मातीवर तयार झालेल्या मुलाला हा खेळ जवळजवळ नव्याने शिकावा लागे. खेळाडूकडून होणारी मागणी वाढली. त्याच्या मोबदल्याची व्यवस्था मात्र जुनीच राहिली.

९)
याच मॉन्ट्रियल शहरात हॉकीच्या दुसऱ्या शाखेने फार पूर्वी वेगळी वाट धरली होती. आइस हॉकीची नॅशनल हॉकी लीग, म्हणजे एनएचएल, २६ नोव्हेंबर १९१७ रोजी तेथे स्थापन झाली. तिकिटे विकायची, खेळाडूशी करार करायचा आणि त्याला पगार द्यायचा, हा उघड व्यवहार होता. परंतु पगार मिळाला म्हणजे न्याय मिळाला, असे तेथेही झाले नाही.

१०)
१९५७ च्या फेब्रुवारीत डेट्रॉइट रेड विंग्जचा नामवंत खेळाडू टेड लिंडसे आणि त्याचे सहकारी यांनी खेळाडूंची संघटना जाहीर केली. लीगचा पैसा नेमका कोठे जातो, निवृत्तिवेतनाच्या निधीचे काय होते, हे त्यांना जाणून घ्यायचे होते. लिंडसेचा तो हंगाम उत्तम चालला होता. तरी त्याच उन्हाळ्यात क्लबने त्याला शिकागोच्या संघाकडे धाडून दिले. ती संघटना मोडली. टिकाऊ संघटना उभी राहायला १९६७ साल उजाडले. आज एनएचएलचे खेळाडू स्वतः मतदान करून ज्याला सर्वोत्तम ठरवतात, त्याला टेड लिंडसे पुरस्कार देतात.

११)
आता पुन्हा भारताकडे. धनराज यांनी १९८९ मध्ये नवी दिल्लीच्या आशिया चषकात पदार्पण केले. २००४ पर्यंत ते ३३९ आंतरराष्ट्रीय सामने खेळले. चार ऑलिंपिक (१९९२, १९९६, २०००, २००४), चार विश्वचषक (१९९०, १९९४, १९९८, २००२), चार आशियाई स्पर्धा आणि चार चॅम्पियन्स करंडक. ही चौकडी दुर्मीळ आहे.

१२)
या आकड्यांची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. त्या चार ऑलिंपिकमध्ये भारत अनुक्रमे सातवा, आठवा, सातवा आणि पुन्हा सातवा आला. सिडनीत २००० साली पोलंडविरुद्धचा सामना जिंकला असता तर उपान्त्य फेरी गाठता आली असती. अखेरच्या मिनिटांत पोलंडने बरोबरी साधली आणि दार बंद झाले. १९९४ च्या विश्वचषकानंतर निवडलेल्या जागतिक संघात धनराज हे एकमेव भारतीय होते. व्यक्तीचा दर्जा आणि संघाचा क्रमांक यांतील हे अंतर त्यांच्या साऱ्या कारकिर्दीवर पसरलेले आहे.

१३)
परदेशी क्लबांना मात्र त्यांची किंमत कळत होती. लंडनचे इंडियन जिमखाना, फ्रान्समधील लिऑन, जर्मनीतील श्टुटगार्ट किकर्स, मलेशियातील बँक सिम्पनान नासिओनाल व टेलिकॉम मलेशिया, ढाक्याचे अबाहनी : इतक्या ठिकाणी ते खेळले. क्लबाचा हंगाम, क्लबाचा करार, ठरलेला मोबदला. खडकीचा हा खेळाडू देशाबाहेर व्यावसायिक होता. देशात परतला की तो नोकरदार होई आणि खेळाचा मोबदला मागितला तर तक्रारखोर ठरे.

१४)
१९९८ हे साल या दृष्टीने लक्षात ठेवण्याजोगे आहे. फेब्रुवारीत जपानमधील नागानो येथील हिवाळी ऑलिंपिकसाठी एनएचएलने प्रथमच आपला हंगाम थांबवला आणि पगारी खेळाडू देशांच्या संघांतून उतरले. हौशीपणाचे जुने तत्त्व तेथे उघडपणे संपले. डिसेंबरात बँकॉकच्या आशियाई स्पर्धेत धनराज यांच्या नेतृत्वाखालील भारताने अंतिम सामन्यात दक्षिण कोरियाला पेनल्टी स्ट्रोक्सवर हरवले. गोलरक्षक आशिष बल्लाळ यांनी कोरियाचे फटके अडवले. १९६६ नंतर, म्हणजे ३२ वर्षांनी, भारताला हे सुवर्ण मिळाले.

१५)
त्यानंतर जे घडले ते भारतीय हॉकीच्या इतिहासातील कटू पान आहे. सुवर्णपदकानंतरच्या निवडीत कर्णधार धनराज आणि आणखी सहा ज्येष्ठ खेळाडू संघाबाहेर राहिले. त्यांना विश्रांती दिली आहे, असे अधिकृत कारण सांगण्यात आले. धनराज यांनी अपुऱ्या सुविधांविषयी आणि सामन्याच्या मानधनाविषयी उघडपणे नाराजी व्यक्त केली होती, त्याची ही शिक्षा आहे, असा समज क्रीडावर्तुळात सर्वत्र पसरला. लिंडसेला शिकागो दाखवले गेले, धनराज यांना घर.

१६)
महासंघाच्या बाजूने एक युक्तिवाद करता येतो. हॉकीकडे क्रिकेटसारखा पैसा नव्हता आणि देशाच्या जर्सीची किंमत करू नये, अशी भावना अनेकांची प्रामाणिक होती. पण या युक्तिवादात एक फट आहे. विमान कंपनी तिकिटाचे पैसे घेते, हॉटेल खोलीचे भाडे घेते, प्रक्षेपण करणारी वाहिनी जाहिराती विकते. देशप्रेमापोटी विनामूल्य राबावे, ही अपेक्षा या साऱ्या साखळीत फक्त खेळाडूकडून केली जाते.

१७)
मोल मागणाऱ्याला कृतघ्न ठरवण्याची ही रीत डहाणू-तलासरीला नवी नाही. २३ मे १९४५ रोजी झरी गावी गोदावरी आणि शामराव परुळेकरांच्या उपस्थितीत वारल्यांची सभा झाली आणि वेठ नाकारण्याचा निर्धार झाला. पुढे गवतकापणीच्या हंगामात ५०० पौंड गवतामागे अडीच रुपये मजुरीची मागणी उभी राहिली. तिला उत्तर म्हणून ऑक्टोबर १९४५ मध्ये तलवाडा येथे गोळीबार झाला. वेठबिगाराचे हाल आणि नामवंत खेळाडूची नाराजी यांची बरोबरी करता येणार नाही; तसे करणे वारल्यांच्या लढ्यावर अन्याय होईल. मात्र श्रमाचे मोल कोणी ठरवायचे, हा प्रश्न दोन्हीकडे तोच आहे.

१८)
धनराज संघात परतले. त्यांना खेलरत्न मिळाले, पद्मश्री मिळाली. २००३ मध्ये क्वालालंपूर येथे त्यांच्याच नेतृत्वाखाली भारताने अंतिम सामन्यात पाकिस्तानला ४-२ असे हरवून प्रथमच आशिया चषक जिंकला. २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकबरोबर त्यांची आंतरराष्ट्रीय कारकीर्द संपली. पुढच्याच वर्षी, २००५ मध्ये, भारतात प्रीमियर हॉकी लीग सुरू झाली आणि ते मराठा वॉरियर्सकडून खेळले. मायदेशी व्यावसायिक लीग आली तेव्हा त्यांनी छत्तिशी ओलांडली होती. २०१२ च्या वर्ल्ड सिरीज हॉकीतही, वयाच्या ४३ व्या वर्षी, ते कर्नाटक लायन्सकडून मैदानात उतरले.

१९)
१९९८ चा प्रश्न मात्र मिटलेला नव्हता. २००८ मध्ये भारतीय हॉकी संघ प्रथमच ऑलिंपिकसाठी अपात्र ठरला आणि जुन्या महासंघावर कारवाई झाली. जानेवारी २०१० मध्ये, दिल्लीतील विश्वचषक तोंडावर असताना, राष्ट्रीय शिबिरातील खेळाडूंनी थकलेल्या पैशांसाठी सरावावर बहिष्कार टाकला. हे शिबिर पुण्यात होते, धनराज यांच्या खडकीपासून थोड्याच अंतरावर. या वेळी एकट्यादुकट्याला विश्रांती देणे शक्य नव्हते, कारण सारा संघ एकत्र उभा होता. काही दिवसांतच तोडगा निघाला.

२०)
२०१३ मध्ये हॉकी इंडिया लीग आली, २०१७ नंतर थांबली आणि डिसेंबर २०२४ मध्ये पुन्हा सुरू झाली. आता लिलावात खेळाडूची बोली जाहीरपणे लागते. त्यात कोणाला काही वावगे वाटत नाही. पण ही लाज एका दिवसात गेलेली नाही. कोणी नोकरी सोडली, कोणी संघातील जागा गमावली, कोणी सराव थांबवला, तेव्हा ती गेली.

२१)
म्हणून आश्रमशाळेच्या मैदानावरून घरी आलेल्या मुलीला आईवडील जेव्हा विचारतात की खेळून पोट भरते काय, तेव्हा त्यांचा प्रश्न खेळाच्या विरोधातला मानू नये. तो हिशोबाचा प्रश्न आहे आणि हिशोब मागण्याचा त्यांना पूर्ण हक्क आहे. त्याचे उत्तर मात्र त्या मुलीने एकटीने द्यायचे नाही. मैदान, प्रशिक्षक, नोकरी, करार आणि वेळेवर हाती पडणारे मानधन यांची सोय ज्यांनी करायची, त्यांनी ते द्यायचे आहे. खडकीच्या वसाहतीतल्या आईवडिलांनी मुलाच्या नावातच हा प्रश्न विचारून ठेवला होता.

(समाप्त)