स्थळाशी बांधलेली दैवते : ग्रीक निम्फ आणि अहिल्यानगर जिल्ह्यातील जल-गिरिदेवता

प्रस्तावना

ग्रीक पुराणकथांचा आपल्याकडील परिचय मुख्यतः ऑलिंपस पर्वतावरील प्रमुख देवतांपुरता मर्यादित राहिला आहे. झ्यूस, अथीना, अपोलो यांच्या कथा म्हणजेच ग्रीक धर्म, असा समज त्यातून रूढ झाला. वस्तुतः सामान्य ग्रीक शेतकरी, मेंढपाळ आणि बाळंतीण यांचा नित्य संबंध येत असे तो गावाजवळचा झरा, गुहा अथवा टेकडी येथे वसणाऱ्या लहान दैवतांशी. महाराष्ट्रातही दैवतांचा इतिहास बव्हंशी क्षेत्रमाहात्म्ये व शिलालेख यांच्या आधारे लिहिला गेल्याने ओढ्याकाठचे शेंदूर फासलेले तांदळे त्याबाहेर राहिले. दा. ध. कोसंबी, रा. चिं. ढेरे, गुंथर सोन्थायमर व अ‍ॅन फेल्डहाउस यांच्या संशोधनाने ही उणीव काही अंशी भरून काढली. २०२४ मध्ये अहिल्यानगर असे नामांतर झालेल्या अहमदनगर जिल्ह्यातील काही उपेक्षित दैवतांचा ग्रीक दैवतांशी तुलना करून येथे विचार केला आहे. अशा दैवतांचा खरा दस्तऐवज म्हणजे त्यांचे स्थळ व तेथील आचार होय. कथा ही पुष्कळदा नंतरची असते.

संपर्क आणि साम्य

तुलनेपूर्वी एका शंकेचे निरसन आवश्यक आहे. ग्रीक जग आणि दख्खन यांचा प्रत्यक्ष संपर्क होता. कार्ले, जुन्नर व नाशिक येथील लेण्यांत यवन दात्यांचे लेख आहेत. प्रवराकाठच्या नेवासे येथे डेक्कन कॉलेजने १९५४ पासून केलेल्या उत्खननात भूमध्य सागरी प्रदेशातील मद्यकुंभांची खापरे मिळाली. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरी टेकडीवर पोसायडन या समुद्रदेवाची कांस्यमूर्ती सापडली. तेव्हा आपल्या जलदेवता ग्रीकांकडून आल्या असाव्यात, असा तर्क एखाद्यास सुचू शकेल. परंतु हे पुरावे उलट दिशेने बोलतात. यवन दात्यांनी दाने दिली ती येथील बौद्ध संघाला. पोसायडन आला तो मूल्यवान वस्तू म्हणून. त्याची येथे उपासना झाल्याचा पुरावा नाही. मोठा देव मूर्तिरूपाने जहाजातून प्रवास करू शकतो. झऱ्याची देवता झरा सोडून कशी येणार? म्हणून या दैवतांतील साम्याचा उगम पाणी, प्रसूती व भय यांच्या समान अनुभवात शोधणे अधिक युक्त ठरते.

आसरा आणि निम्फ

नदीचा डोह, विहीर, बारव येथे सात दगडांच्या रूपाने पुजल्या जाणाऱ्या सातीआसरा गोदावरी, प्रवरा व मुळा यांच्या खोऱ्यांत सर्वपरिचित आहेत. ‘आसरा’ हा शब्द ‘अप्सरा’पासून आला, हे अभ्यासकांनी दाखविले आहे; तथापि इंद्रसभेतील नर्तकीशी गावच्या आसरेचे नाते नावापुरतेच उरते. तिला हळदकुंकू, हिरव्या बांगड्या, खण-नारळ वाहिले जातात. ती मूल देते आणि कोपली तर नेतेही. भर दुपारी अथवा तिन्हीसांजेला एकट्यादुकट्या बाईने, विशेषतः ओल्या बाळंतिणीने, डोहाकडे जाऊ नये. गेल्यास आसरांची बाधा होते, अशी समजूत आहे.

ग्रीक भाषेत ‘निम्फ’ या शब्दाचा मूळ अर्थ वधू अथवा विवाहयोग्य तरुणी असा होतो. अथेन्समध्ये वधूच्या मंगलस्नानाचे पाणी ज्या उंच मानेच्या कुंभातून आणीत, ते कुंभ विवाहानंतर अ‍ॅक्रोपोलिसच्या दक्षिण उतारावरील निम्फेच्या ठाण्यात अर्पण केले जात. उत्खननात ते मोठ्या संख्येने मिळाले आहेत. भयाची बाजूही तेथे तितकीच ठळक आहे. निम्फेने झपाटलेल्या व्यक्तीस ग्रीकांत स्वतंत्र शब्दच होता. प्लेटोच्या ‘फीड्रस’ संवादात सॉक्रेटिस इलिसॉस नदीच्या काठी भर दुपारी बसला आहे. तेथील लहान मूर्ती पाहून हे ठिकाण निम्फांचे असल्याचे तो ओळखतो आणि आपल्यालाही त्या झपाटतील असे म्हणतो. तत्त्वज्ञानाच्या वर्गात हा भाग बहुधा गाळूनच पुढे जाण्याची प्रथा आहे! अथेन्सजवळील वारी येथील गुहा तर इ. स. पू. पाचव्या शतकात थेरा बेटाच्या आर्केडेमॉस नावाच्या माणसाने निम्फांसाठी घडविली. तेथील लेखांत तो स्वतःस निम्फांनी झपाटलेला म्हणवितो. बाधेतून उपासना निर्माण होते, हे आपल्या खेड्यांत सहज समजणारे सूत्र येथे शिलालेखाने सिद्ध होते.

मात्र एक भेद दुर्लक्षिता येत नाही. आर्केडेमॉस आपले नाव कोरून गेला. सातीआसरांपुढे ओटी भरणाऱ्या स्त्रियांच्या पिढ्यान्‌पिढ्यांनी कोठेही नाव कोरलेले नाही.

कळसूबाई

अकोले तालुक्यातील १६४६ मीटर उंचीचे कळसूबाई हे महाराष्ट्रातील सर्वोच्च शिखर. शिखरावरील छोट्या देवळातील देवीची कथा १८८४ च्या अहमदनगर जिल्हा गॅझेटियरमध्ये नोंदविली गेली आहे. रानात हिंडण्याची आवड असलेली कळसू ही कोळी समाजातील मुलगी पायथ्याच्या इंदोरे गावी एका कोळ्याच्या घरी कामास राहिली. भांडी घासणे व झाडलोट करणे ही कामे सांगू नयेत, अशी तिची अट होती. एके दिवशी पाहुणे आले असता घरातील कोणी तिला नेमकी तीच कामे सांगितली. तिने ती केली. मात्र लगेच डोंगर चढून गेली आणि अखेरपर्यंत वरच राहिली. भांडी घासली ती जागा थाळेमेळ व कचरा काढला ती काळदरा म्हणून ओळखली जाते.

ग्रीकांच्या गिरिनिम्फांशी कळसूचे नाते उघड आहे, परंतु अधिक उद्बोधक तुलना डॅफ्नीशी होते. अपोलोपासून पळणाऱ्या डॅफ्नीचे लॉरेल वृक्षात रूपांतर झाले आणि तो वृक्ष पुढे अपोलोचेच चिन्ह बनला. पळूनही ती त्याच्याच उपासनेत सामावली गेली. कळसू कोणा देवाची पत्नी अथवा भक्तीण झाली नाही. शिखर तिच्याच नावाचे राहिले. शिवाय तिचे पळणे कामुक देवापासून नसून मोडलेल्या करारापासून आहे. घरकामाच्या अटीवरून दैवतपदास पोहोचलेली देवता ग्रीक पुराणांत सहजी सापडणार नाही. आदिवासी श्रमजीवनाच्या इतिहासाचे साधन म्हणून या कथेकडे पाहिले गेले पाहिजे.

प्रसूतीच्या देवता

क्रीट बेटावरील आम्निसॉसच्या गुहेची अधिष्ठात्री ऐलिथिया हिचा उल्लेख होमरच्या ‘ओडिसी’त ओझरता येतो. १९५२ मध्ये मायकेल व्हेन्ट्रिस यांनी लिनिअर बी लिपीचा उलगडा केल्यावर नॉसॉस येथील एका मृत्तिकापट्टिकेवर तिला मधाचा एक कुंभ अर्पण केल्याची नोंद आढळली. म्हणजे पुराणकथांत दुय्यम ठरलेली ही देवता होमरपूर्व काळापासून नैवेद्याची मानकरी होती. आपल्याकडे असा लेखी पुरावा नाही. परंतु घोड नदीकाठच्या इनामगाव येथे ताम्रपाषाणयुगीन घराच्या जमिनीखाली मातीच्या पेटीत ठेवलेली शिरोहीन स्त्रीमूर्ती सापडली असून म. के. ढवळीकर यांनी तिचा संबंध बालरक्षणाशी जोडला. बाळाचे भाग्य लिहिणाऱ्या सटवाईशी तिची परंपरा अखंड जोडण्याचा मोह टाळावा. मध्ये सुमारे तीन हजार वर्षांचे अंतर आहे.

नाव आणि पाणी

लहान दैवते नाहीशी होण्याचे दोन मार्ग दिसतात. पहिला नामांतराचा. ख्रिस्ती ग्रीसमध्ये अनेक झरे मेरीमातेच्या नावे झाले. निम्फा मात्र ‘नेराइदा’ या नावाने लोककथांत टिकल्या. ज्ञानेश्वरीच्या समारोपात नेवाशाची अधिष्ठात्री म्हणून महालयेचा उल्लेख येतो. आज तेथील प्रसिद्ध दैवत मोहिनीराज या वैष्णव नावाने ओळखले जाते, तर खंडोबाच्या परंपरेत म्हाळसेचे माहेर नेवासेच मानले जाते. प्रवरेवरील रंधा धबधब्याजवळची घोरपडादेवी आता कात्यायनी म्हणूनही सांगितली जाते. नवे नाव प्रतिष्ठा देते, पण घोरपडीशी असलेला संबंध पुसट करते.

दुसरा मार्ग पाण्याचा. प्रवरेवर भंडारदऱ्याचे धरण १९२६ मध्ये पूर्ण झाले. १९७६ मध्ये उद्घाटन झालेल्या जायकवाडीच्या जलाशयाने शेवगाव व नेवासे तालुक्यांतील नदीकाठ व्यापला. दक्षिणेस कर्जत तालुक्याची सीमा उजनीच्या फुगवट्यास भिडली. विस्थापित गावांनी ग्रामदैवते नव्या गावठाणात नेली. डोहाच्या आसरांना तसे नेता येत नाही. नव्या विहिरीवर नवे सात दगड मांडले जातात, जुना डोह तेवढा जातो. उन्हाळ्यात उजनीचे पाणी ओसरले की पळसदेवचे हेमाडपंती मंदिर उघडे पडते आणि ते पाहण्यास लोक होड्यांतून जातात. त्याच गाळात रुतलेले सात तांदळे कोणाच्या दृष्टीस पडले, तरी शेंदूर धुऊन गेल्यावर ते नुसते दगडच दिसतात.