दख्खनेंतील आठ स्वर्ग

सह्याद्रीच्या पायथ्याशीं कामथडीस ज्यानें आषाढसरी पाहिल्या, त्यास वाहत्या पाण्याचा स्वर्ग कल्पावा लागत नाहीं. अरबस्तानांत गोष्ट निराळी. कुराणांतील स्वर्गांत पाणी, दूध, मद्य व मध यांच्या नद्या वाहतात. 'फिर्दौस' हा तेथील शब्द मूळचा इराणी, अर्थ कुंपण घातलेली बाग.

पण अशी बाग भूतलावर उभारावी काय? शद्दादानें स्वर्गाशीं स्पर्धा करून इरम नगरी बांधिली व तींत पाऊल ठेवण्यापूर्वींच तो नाश पावला, अशी मुसलमानी आख्यायिका आहे. पश्चिम आफ्रिकेंतील हौसा कवींच्या उपदेशपर काव्यांतहि स्वर्ग मरणोत्तरच, इहलोक फसवा. त्या इहलोकास त्यांचा शब्द 'दुनिया', आमच्या बाजारांत चालतो तोच!

तरीहि अवर्षणाच्या अहमदनगरांत (आतांचें अहिल्यानगर) निजामशहांनीं खापरी नळांनीं पाणी आणून बागा केल्या. एकीचें नांवच 'हश्त बिहिश्त', म्हणजे आठ स्वर्ग. फराहबागेंतील पहिली इमारत मुर्तजा निजामशहानें नापसंत करून पाडविली; सलाबतखानानें दुसरी, अष्टकोनी, तळ्याच्या मध्यावर उभारिली. ती १५८३ त पुरी झाली. पांचच वर्षांनीं मुर्तजा पोटच्या मुलाच्या हातून मेला. यांत कोणी शद्दादाचें प्रायश्चित्त पाहील. आम्हांस त्यांत केवळ दरबारी राजकारण दिसतें.

मोंगलांनीं वाट शहाणपणाची काढिली. आतांच्या छत्रपति संभाजीनगरांतील बिबीच्या मकबऱ्याची (१६६०-६१) चारबाग दिवंगत दिलरस बानूसाठीं आहे. संगमरवर थोडा, चुन्याचा गिलावाच फार. पण मृताच्या उशाशीं स्वर्ग रचणाऱ्यास गर्विष्ठ कोण म्हणणार?