‘बेहाल्याचे जटायू’

२३. बेहाला हे कोलकात्याच्या दक्षिण-पश्चिमेचे, डायमंड हार्बर रस्त्यालगतचे उपनगर. टक्कल आणि मिशा असलेल्या शेजाऱ्याला तिथली मुले ‘जटायू’ म्हणतात, यामागे रामायण नसून सत्यजित राय यांच्या गुप्तहेर फेलुदाच्या कथा आहेत. ‘जटायू’ हे त्यांतील रहस्यकथाकार लालमोहन गांगुली यांचे टोपणनाव.

‘सोनार केल्ला’ (१९७४) व ‘जय बाबा फेलुनाथ’ (१९७९) या चित्रपटांत ही भूमिका संतोष दत्त (१९२५–१९८८) यांनी केली. व्यवसायाने ते फौजदारी वकील. रायांच्या ‘पारश पाथर’मध्ये (१९५८) ते प्रथम दिसले, ‘गुपी गाइन बाघा बाइन’मध्ये (१९६९) शुंडी आणि हल्ला या दोन्ही राज्यांचे राजे त्यांनीच रंगवले. नायक ते कधी नव्हते. पण ‘जय बाबा फेलुनाथ’मध्ये फळीला टेकून उभ्या जटायूभोवती सुरे फेकले जातात, तेव्हा साऱ्या प्रसंगाची भीती आणि गंमत त्यांच्या चेहऱ्यावरच पेलली जाते. पुढे कथांच्या चित्रांतही रायांनी जटायूला दत्तांचाच चेहरा दिला. दत्तांनंतर रायांनी फेलुदावर चित्रपट काढला नाही.

मराठी वाचकांसाठी विशेष म्हणजे, सत्यजित रायांचे पुत्र संदीप राय यांच्या ‘किस्सा काठमांडू का’ या हिंदी दूरदर्शन मालिकेत शशी कपूर फेलुदा होते आणि जटायू होते पुण्याचे डॉ. मोहन आगाशे. वकिलाची भूमिका अशी मनोविकारतज्ज्ञाकडे आली. पुढे रवी घोष, विभू भट्टाचार्य यांनीही ती केली. तरी बंगाली घरांत तुलना होते ती दत्तांशीच. — संपा.